पडद्याशेजारी बसून वाजवणारा माणूस

पुण्यातल्या एका तरुण संगीतकाराने विचारलं आहे: "मी शॉर्ट फिल्म आणि वेब सिरीजचं बॅकग्राउंड करतो. ‘ओपेरा जावा’ हा इंडोनेशियन सिनेमा बघितल्यापासून त्याचे संगीतकार रहायू सुपंगाह यांचं नाव डोक्यातून जात नाही. पण त्यांचे सिनेमे शोधायला गेलो तर बोटांवर मोजण्याइतकेच सापडले. त्यांना फिल्म कंपोझर म्हणायचं का? इंडोनेशियात अशी कारकीर्द घडते तरी कशी? आणि माझ्या पुढच्या फिल्मला गॅमेलानची, म्हणजे तिकडच्या त्या धातूच्या वाद्यांच्या वृंदाची, सॅम्पल लायब्ररी (कॉम्प्युटरवर वाजवायचे तयार रेकॉर्ड केलेले सूर) वापरली तर चालेल का?"

तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर पहिल्या दोघांत दडलेलं आहे, म्हणून ते शेवटी.

आधी माझ्याविषयी. मी अठ्ठावीस वर्षं मुंबईत काम करतोय. सुरुवातीची दहा सेशनला व्हायोलिन वाजवण्यात गेली, मग अरेंजिंग, मग स्वतःचे सिनेमे. सुपंगाहांना मी कधी भेटलो नाही. त्यांचं काम ऐकून, पाहून आणि त्यांनी लिहिलेलं वाचून जे कळलं, ते धंद्यातल्या माणसाच्या कानाने सांगतो.

फिल्म कंपोझर म्हणायचं का, तर हो, बिनदिक्कत म्हणा. फक्त त्यांची सिनेमाची उमेदवारी सिनेमात झाली नाही.

त्यांचा जन्म २९ डिसेंबर १९४९ चा, मध्य जावातल्या बोयोलालीचा. घराणं दलांगांचं. दलांग म्हणजे वायांग कुलितचा, चामड्याच्या बाहुल्यांच्या सावल्यांचा खेळ करणारा. आता हा खेळ कसा चालतो ते नीट डोळ्यांसमोर आणा. समोर ताणलेला पांढरा पडदा. त्याच्यामागे टांगलेला दिवा. दिव्याखाली दलांग, आणि दलांगाच्या पाठीशी अख्खा गॅमेलान मांडून बसलेले वाजवणारे. रात्री सुरू झालेला खेळ पहाटेपर्यंत चालतो. एकटा दलांग सगळ्या पात्रांचे आवाज काढतो, बाहुल्या हलवतो, कथा सांगतो, मध्येच गातो, आणि हे सगळं करता करता वाजवणाऱ्यांना इशारेही देतो. दोन्ही हातांत बाहुल्या असतील तर पायाने धातूच्या पट्ट्या खणखणवतो. हात मोकळा असेल तर लाकडी ठोकळ्याने बाहुल्यांच्या पेटाऱ्यावर ठोका देतो. त्या ठोक्याच्या जातीवरून वाजवणाऱ्यांनी ओळखायचं: सुरू करायचं, चढवायचं, उतरवायचं की जागच्या जागी थांबायचं.

यासाठी खास रचना आहेत. आयाक-आयाकान, स्रेपेगान, संपाक. तिघांचं तत्त्व एकच, फरक आहे तो ठोके किती दाट येतात याचा. संपाक सगळ्यात दाट, लढाईला लागतो. आयाक-आयाकान त्या मानाने ऐसपैस. प्रसंग तापत गेला की एकातून दुसऱ्यात सरकायचं, आणि पडद्यावरचा राक्षस पडला की दलांगाच्या एका इशाऱ्यावर सगळ्यांनी मिळून आवरतं घ्यायचं. आपण स्टुडिओत ज्याला ‘क्यू’ म्हणतो, ‘हिट पॉइंट’ म्हणतो, तो हाच. फरक एवढाच की आपल्याकडे एडिट लॉक झालेला असतो आणि त्यांच्याकडे एडिटर समोर बसून जागेवर कापत असतो.

याहून मजेची गोष्ट म्हणजे सास्मिता. पुढची चीज कुठली हवी हे दलांग नाव घेऊन सांगत नाही. राजवाड्याचं वर्णन करता करता एखादा शब्द असा पेरतो की जाणत्या वाजवणाऱ्याच्या कानाला तो टोचतो, आणि वाक्य संपायच्या आत रबाब धरणाऱ्याने सूर लावलेला असतो. (रबाब म्हणजे तिकडचं दोन तारांचं, गजाने वाजवायचं वाद्य. त्याला तिथे ‘रेबाब’ म्हणतात.) प्रेक्षकाला वाटतं, संगीत आपोआपच आलं. मला विचाराल तर पार्श्वसंगीताची याहून नेमकी तालीम जगात कुठे मिळत नसेल. दिग्दर्शक जे बोलत नाही ते ऐकायचं, आणि त्याने बोलायच्या आत वाजवायचं.

माझे मामा सिंधुदुर्गात दशावतारात मृदंग वाजवायचे. तिथेही संहिता नसते. राजा रंगात आला की दहा मिनिटं बोलेल, नाहीतर दोन मिनिटांत आवरेल. पेटीवाला आणि मृदंगवाला त्याच्या खांद्याकडे बघत बसलेले. मामा म्हणायचे, "तोंडाकडे बघू नको, तोंड खोटं बोलतं. पायाकडे बघ." सुपंगाहांबद्दल वाचताना मला ते वाक्य सारखं आठवत होतं. ज्या पोराच्या घरातच असे खेळ आहेत, त्याला कुठल्या संस्थेत जाऊन स्पॉटिंग, म्हणजे संगीत कुठे यावं आणि कुठे थांबावं हे ठरवणं, शिकायची गरजच काय?

संस्थेत ते गेले, पण वेगळ्या कारणाने. सुराकार्ता, ज्याला सगळे सोलो म्हणतात, तिथे १९५० साली पारंपरिक संगीताची कोन्सेर्वातोरी, म्हणजे संगीतशाळा, सुरू झाली आणि १९६४ साली तिच्या पुढची पायरी म्हणून अकादमी, तिचं लघुनाम ‘आस्की’. आज तिलाच सुराकार्ताची कला संस्था म्हणतात. सुपंगाह त्या वाटेने शिकले, तिथेच शिकवू लागले आणि पुढे संस्थेचे प्रमुखही झाले. सत्तरच्या दशकात तिथे गेंधोन हुमार्दानी नावाचा जबरदस्त माणूस सूत्रं हलवत होता. परंपरा जपायची तर तिला काम द्या, तिच्यातून नवं घडवा, असा त्याचा धोशा होता. त्यामुळे तिथले तरुण सकाळी दरबारी चिजा घोकायचे आणि संध्याकाळी त्याच वाद्यांतून काहीतरी अगदीच वेडंवाकडं काढून बघायचे. १९७९ साली जकार्तात तरुण संगीतकारांचा सप्ताह सुरू झाला, तेव्हा या सोलोवाल्या पिढीला आपलं नवं काम मांडायला हक्काची जागा मिळाली.

मग पॅरिस. १९८५ साली त्यांनी तिथून एथ्नोम्युझिकॉलॉजीत, म्हणजे निरनिराळ्या समाजांच्या संगीताच्या अभ्यासात, डॉक्टरेट घेतली. परत येऊन पुन्हा शिकवणं, वाजवणं, जगभर हिंडणं. या सगळ्यात सिनेमा कुठेच नाही, हे लक्षात घ्या. पोट संस्थेच्या पगारावर चाललेलं आहे, कान गॅमेलानवर पोसलेला आहे, आणि सिनेमावाल्यांच्या दाराशी जाऊन उभं राहायची वेळ आलेली नाही. तुम्ही कारकीर्द कशी घडते असं विचारलंत. त्यातला हा भाग मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो, कारण ज्याला सिनेमा नाकारता येतो त्याच्याकडेच दिग्दर्शक विचित्र मागण्या घेऊन येतात.

त्यांनी ‘बोथेकान कारावितान’ नावाने दोन भागांत पुस्तक लिहिलं. दुसऱ्या भागाचा विषय एकच शब्द: ‘गाराप’. ह्या शब्दावर थोडा थांबतो. गॅमेलानची चीज कागदावर लिहिली तर दिसतात फक्त आकडे, चार-चारच्या गटांत. त्याला बालुंगान म्हणतात, म्हणजे हाडांचा सापळा. त्यावरून कुणालाच काही ऐकू येत नाही. गेंदेरवाला (धातूच्या पट्ट्या वाजवणारा), गांबांगवाला (लाकडी पट्ट्या वाजवणारा), रेबाबवाला, गाणारी बाई, प्रत्येकाने आपापल्या परीने त्या सापळ्यावर मांस चढवायचं. ते चढवणं म्हणजे गाराप. सुपंगाहांचं म्हणणं असं की चीज म्हणजे सापळा नव्हे, गाराप हीच चीज. आणि गाराप ठरवताना ते कशाकशाचा हिशोब मांडतात बघा: मूळ सामग्री काय, वाजवणारा कोण, वाद्यं कुठली, प्रसंग कोणता, समोर कोण बसलंय.

आपल्याला हे नवीन नाही. दोन ओळींची बंदिश घेऊन पाऊण तास गाणाऱ्यांच्या मुलखात आपण राहतो. पण सिनेमात शिरताना आपण हे सगळं दाराबाहेर चपलांसारखं काढून ठेवतो. शीट म्युझिक, हेडफोनमधली लयीची टिकटिक म्हणजे क्लिक, चार टेक, पुढचा क्यू. सुपंगाहांनी चपला काढल्या नाहीत.

सिनेमाच्या आधी नाटक आलं. १९९७ साली सिंगापूरचे दिग्दर्शक ओंग केंग सेन यांनी ‘लिअर’ केलं. आशियातल्या निरनिराळ्या देशांतले नट, प्रत्येक जण आपल्या भाषेत आणि आपल्या शैलीत. त्याच्या संगीतात मार्क चानबरोबर सुपंगाह होते. मग २००४ साली सिंगापूरच्या एस्प्लनेड नाट्यगृहात अमेरिकन दिग्दर्शक रॉबर्ट विल्सन यांचं ‘ई ला गालिगो’ रंगमंचावर आलं. सुलावेसी बेटावरच्या बुगीस लोकांच्या अवाढव्य महाकाव्यावर बेतलेलं. संगीत सुपंगाहांचं. इथे त्यांची खरी परीक्षा होती, कारण बुगीस संगीत हे काही जावाचं संगीत नव्हे. सोलोच्या माणसाने बुगीसांची कथा वाजवायची हे जवळपास सातारच्या माणसाने मणिपुरी कीर्तन बसवण्यासारखं. आणि विल्सन तर असे की त्यांच्या रंगमंचावर एक माणूस इकडून तिकडे जायला पाच मिनिटं लागू शकतात. त्या संथपणात संगीत पडू न देणं हे फार अवघड. त्यांनी ते पेललं, आणि मला वाटतं ‘ओपेरा जावा’ची अर्धी तयारी तिथेच झाली.

२००६ हे मोत्झार्टच्या जन्माचं अडीचशेवं वर्ष. व्हिएन्नात अमेरिकन नाट्यदिग्दर्शक पीटर सेलर्स यांनी त्या निमित्ताने ‘न्यू क्राउन्ड होप’ हा महोत्सव आखला आणि जगभरच्या दिग्दर्शकांकडून नवे सिनेमे करून घेतले. थायलंडचे अपिचातपोंग, चाडचे महामत-सालेह हारून, कुर्दी मुलखातले बहमन घोबादी, मलेशियात जन्मलेले त्साई मिंग-लियांग, आणि इंडोनेशियाचे गारिन नुग्रोहो. गारिन यांनी सीताहरण निवडलं. पण राजाराणी काढून टाकले. सेतियो आणि सिती हे मातीची भांडी करणारं जोडपं, एकेकाळी रामायणाच्या नृत्यात नाचणारं. लुदिरो हा खाटीक, गावातला बडा माणूस. त्याचं सितीवर मन आहे. नावांकडे बघा. सेतियो म्हणजे एकनिष्ठ, आपलं ‘सत्य’. लुदिरो म्हणजे ‘रुधिर’. लुदिरोच्या आईचं नाव सुकेसी, आणि जावाच्या रामायणात रावणाच्या आईचं नावही तेच. मराठी माणसाला उपशीर्षकांशिवाय अर्धी गोष्ट कळते.

सिनेमा पहिल्यापासून शेवटपर्यंत जावानीजमध्ये गायलेला आहे. बोललेलं असं काही नाहीच. नट बहुतेक नर्तक: मिरोतो, एको सुप्रियांतो, ज्येष्ठ नर्तकी रेत्नो मारुती. सितीच्या भूमिकेत आर्तिका सारी देवी. आणि स्लामेत गुंदोनो नावाचा धिप्पाड, गाणारा दलांग. म्हणजे फिरून गाडी वायांगवर आलीच. अशा सिनेमात संगीतकार शेवटी येत नसतो. पटकथा म्हणजे जवळपास स्कोअरच. दिग्दर्शकाने "इथे काहीतरी दुःखी टाका" म्हणायची सोय उरत नाही. पुढच्या वर्षी हाँगकाँगमध्ये पहिले एशियन फिल्म अवॉर्ड्स झाले, त्यात सर्वोत्कृष्ट संगीतकार सुपंगाह ठरले. वय सत्तावन्न. ज्या वयात आपल्याकडे लोक जीवनगौरव घेऊन घरी बसतात.

आता जरा तांत्रिक बोलतो, कारण तुम्ही कंपोझर आहात आणि हे तुम्हाला उपयोगी पडेल.

गॅमेलानमध्ये ‘इरामा’ नावाची भानगड आहे. लय म्हणून तिचं भाषांतर करतात, ते अपुरं आहे. समजा सापळ्याचे सूर सेकंदाला एक असे चालले आहेत आणि गेंदेर त्यातल्या प्रत्येक सुरामागे चार सूर वाजवतोय. केंदांग, म्हणजे ढोलकवाला, हळूहळू लय ओढतो. सापळा संथ होत होत निम्म्यावर येतो. पण त्या टप्प्यावर गेंदेरवाला चाराऐवजी आठ सूर घालायला लागतो. म्हणजे पाया दुप्पट लांबला, वरचं विणकाम मात्र जवळपास त्याच वेगाने चालू. अशा पाच पायऱ्या मानतात. आपल्या विलंबित ख्यालात जशी तबलजीची मात्रा लांबते आणि मधली जागा भरत जाते, तसंच काहीसं; पण इथे सगळा वृंद एकत्र, न बोलता पायरी बदलतो.

सिनेमात याचा परिणाम काय होतो? काळ ताणला जातो, पण प्रसंग रेंगाळत नाही. पडद्यावर बाई मातीचा गोळा फिरवतेय, काहीही घडत नाहीये, आणि तरी तुम्ही खुर्चीत पुढे सरकून बसलेले असता. आपण असा प्रसंग आला की पॅड, म्हणजे सिंथचा लांबलचक सूर, लावतो आणि रिव्हर्ब, म्हणजे घुमारा, वाढवतो.

दुसरी गोष्ट गाँगची. आपली सम ही आवर्तनाची सुरुवात, तिथून निघायचं. गॅमेलानमध्ये मोठा गाँग आवर्तनाच्या शेवटी पडतो. सगळं वजन शेवटच्या मात्रेवर. त्यामुळे ऐकणारा सतत पुढे ओढला जातो, गाँगची वाट बघत. आणि गाँग वाजला की त्याचा नाद लाटांसारखा हलत राहतो. या लाटेला तिकडे ‘ओंबाक’ म्हणतात आणि चांगल्या गाँगची परीक्षा त्यावरून करतात. कट नेमका कुठे करायचा, गाँगवर की लाट विरल्यावर, हा प्रश्न एडिटरलाही घाम फोडतो. मी एकदा एका मराठी सिनेमात देवळातल्या घंटेवर असा प्रयोग केला होता. दिग्दर्शकाला वाटलं साउंडची चूक आहे, आणि मिक्सिंगला ती लाट कापून टाकली. असो.

तिसरी गोष्ट: वृंदाची लय केंदांगच्या हातात. हेडफोनवर क्लिक लावून गॅमेलान वाजवता येतो, पण मग तो गॅमेलान राहत नाही. इरामा बदलण्याचा तो श्वासच जातो. म्हणजे गॅमेलान हवा असेल तर चित्राने संगीताशी किंवा संगीताने चित्राशी, कुणीतरी कुणाच्या तरी चालीने चालायला हवं. वायांगमध्ये वाढलेल्या माणसाला तिसरी वाट ठाऊक असते. दोघांनी एकमेकांकडे बघत चालायचं.

एवढं कौतुक केल्यावर त्याच वर्षातली दुसरी बाजूही सांगतो. २००६ च्या इंडोनेशियन चित्रपट महोत्सवात, म्हणजे त्यांच्या राष्ट्रीय पुरस्कारांत, ‘एक्सकुल’ नावाचा सिनेमा सर्वोत्कृष्ट ठरला. मग ओरड झाली की त्यात परदेशी सिनेमांचं संगीत परवानगीशिवाय उचलून लावलंय. २००७ च्या जानेवारीत चित्रपटवाल्यांनी एकत्र येऊन आपापले जुने पुरस्कार परत केले. शेवटी त्या सिनेमाचा पुरस्कार रद्द झाला. त्या पुरस्काराचं नाव ‘पियाला चित्रा’. आपलाच प्याला, आपलंच चित्र. पार्श्वसंगीतावरून एका देशाची फिल्म इंडस्ट्री अशी उभी पेटल्याचं दुसरं उदाहरण मला माहीत नाही, आणि खरं सांगू, हेवा वाटला. आपल्याकडे टेम्प ट्रॅकची, म्हणजे एडिटच्या वेळी तात्पुरत्या लावलेल्या दुसऱ्याच्या संगीताची, नक्कल मागणाऱ्याला कुणी साधं हटकतही नाही.

सुपंगाहांची वाट हीच एकमेव इंडोनेशियन वाट असा समज मात्र करून घेऊ नका. बहुतेकांची वाट अगदी वेगळी, आणि तिचा राजा इद्रिस सार्दी. ते माझ्या बिरादरीतले, व्हायोलिनवाले, म्हणून जरा माया आहे. जन्म १९३८ चा, तेव्हाच्या बटाव्हियात, म्हणजे आताच्या जकार्तात. वडील मास सार्दी रेडिओ ऑर्केस्ट्राचे व्हायोलिनवादक, सिनेमालाही संगीत देणारे. आई हदीजा सिनेमातली नटी. योग्यकार्ताच्या संगीत शाळेत घेतलं तेव्हा पोराचं वय चौदा. वडील वारले आणि पंधरा-सोळाव्या वर्षी हा मुलगा रेडिओ ऑर्केस्ट्रात त्यांच्याच जागी पहिला व्हायोलिनवादक म्हणून बसला. ऑर्केस्ट्रा सैफुल बाहरींचा. ‘तिगा दारा’ या त्या काळच्या गाजलेल्या संगीतपटाचं संगीत त्याच सैफुल बाहरींचं. म्हणजे रेडिओचा स्टुडिओ आणि सिनेमाचा स्टुडिओ यांत एक भिंत होती, आणि तीही पातळ. आपल्याकडे गोव्याहून आलेल्या वादकांनी हिंदी सिनेमाचा वृंद जसा उभा केला, तसं तिथे काम रेडिओच्या लोकांनी केलं.

इद्रिसनी हायफेट्झसारखा अभिजात व्हायोलिनवादक व्हायचं स्वप्न बाजूला ठेवलं आणि लोकप्रिय संगीताकडे वळले. त्याबद्दल शुद्धतावाद्यांनी नाकं मुरडली. पण पुढची दोन दशकं सर्वोत्कृष्ट संगीताचा चित्रा पुरस्कार पुन्हा पुन्हा त्यांच्याच घरी गेला. १९८८ चा ‘चुत न्या धिएन’, सुमात्रा बेटावरच्या आचे प्रांतातल्या डच-विरोधी लढ्यातल्या राणीवजा बाईवरचा, त्यांचाच. या सिनेमाची गंमत अशी की त्याचे दिग्दर्शक एरोस जारोत स्वतः संगीतकार. ‘बदाई पास्ती बेर्लालू’ या १९७७ च्या सिनेमाच्या संगीताने त्यांनी इंडोनेशियन पॉपचा चेहराच बदलला होता, त्याचा अल्बम आजही तिथल्या सर्वोत्तम यादीत वर असतो. आणि स्वतःचा सिनेमा करायची वेळ आली तेव्हा त्यांनी संगीत आपल्याकडे ठेवलं नाही, इद्रिसना दिलं. खुर्ची बदलल्यावर जुनं हत्यार खाली ठेवायला मोठं मन लागतं. आपल्याकडे उलटं बघितलंय मी.

तिसरी वाट आजची. २०११ चा ‘द रेड’ आठवत असेल, ती इमारतीतली तुफान मारामारी. इंडोनेशियन आवृत्तीचं संगीत फजार युस्केमाल आणि आर्या प्रयोगी यांचं. अमेरिकेत वितरणासाठी ते काढून माइक शिनोदा आणि जोसेफ ट्रापानीस यांचं घातलं. एकाच सिनेमाचे दोन स्कोअर, दोन्ही चांगले. जमलं तर दोन्ही लावून एकच मारामारी बघा; जकार्तावाल्यांच्या आवृत्तीत हाडं जास्त दुखतात असं माझं मत. दुसऱ्या भागात मात्र तिघांची नावं एकत्र आली: ट्रापानीस, प्रयोगी, युस्केमाल. परदेशी पैसा आला की स्थानिक कंपोझरचं काय होतं, याचं हे जरा दिलासा देणारं उदाहरण.

या दोन्ही वाटांवरचे लोक सिनेमाच्या घड्याळावर जगतात. सुपंगाह जगले नाहीत. म्हणूनच त्यांचे सिनेमे मोजके, आणि म्हणूनच शेवटचं मोठं काम इतकं मोकळं. ‘सेतान जावा’, गारिन नुग्रोहोंबरोबरच. २०१६ सालचा, पण कृष्णधवल आणि मूक. वसाहतीच्या काळात श्रीमंतीसाठी सैतानाशी करार करणाऱ्या गरिबाची कथा. पडद्यावर चित्र आणि पडद्यासमोर जिवंत गॅमेलान. २०१७ च्या फेब्रुवारीत मेलबर्नला तो झाला तेव्हा गॅमेलानच्या जोडीला मेलबर्न सिम्फनी ऑर्केस्ट्रा होता, आणि त्या बाजूचे संगीतकार होते इयन ग्रँडेज. दलांगाच्या घरातला पोरगा साठी उलटल्यावर पुन्हा पडद्याशेजारी बसून वाजवत होता. नोव्हेंबर २०२० मध्ये ते गेले.

आता तुमचा तिसरा प्रश्न. सॅम्पल लायब्ररी.

गॅमेलानच्या दोन संगती: स्लेंद्रो, सप्तकात साधारण सारख्या अंतराचे पाच सूर, आणि पेलोग, असमान अंतराचे सात. दोन्हींपैकी एकही पियानोच्या पट्ट्यांत बसत नाही. शिवाय कुठल्याही दोन संचांचे सूर एकमेकांशी तंतोतंत जुळत नाहीत. प्रत्येक संच एकाच कानाने, एकमेकांत लावलेला असतो, जणू एकच वाद्य. सूर बदलायचा तर कांस्याची पट्टी कानस लावून घासावी लागते: टोकांना घासलं की चढतो, मध्ये घासलं की उतरतो. खुंटी पिळायची सोय नाही. म्हणून जिवंत ऑर्केस्ट्रा आणि गॅमेलान एकत्र आले की वाकायचं कुणी हे आधीच ठरलेलं असतं. व्हायोलिन वाकतं, धातू वाकत नाही.

लायब्ररीत बऱ्याचदा हे सूर पियानोला जुळावेत म्हणून ओढूनताणून सरळ केलेले असतात. ते वापरलंत की ऐकू येईल हॉटेलच्या लॉबीतलं स्पा संगीत. वापरायचीच असेल तर मूळ सुरावट जशीच्या तशी ठेवणारी घ्या, ट्यूनिंगचं बटण बंद करा, आणि तुमचे बाकीचे स्ट्रिंग्ज तिच्याप्रमाणे लावा. उलटं करू नका. एखादाच व्हायोलिनवाला बोलावून ते सूर हेडफोनवर ऐकवत अंदाजाने वाजवायला लावलंत तर याहून बरं होईल. पहिला तास तो शिव्या देईल, मी स्वतः दिल्या आहेत.

आणि त्याच्याही आधी हे करून बघा. तुमच्या फिल्ममधला तीन-चार मिनिटांचा, फारसं काही न घडणारा प्रसंग घ्या. आवाज बंद करा. घरातलं जाड पितळी पातेलं घ्या आणि चमच्याने फक्त एक ठोका द्या, जिथे तुम्हाला वाटतं की काहीतरी संपलं. सुरू झालं तिथे नाही, संपलं तिथे. मग परत पहिल्यापासून लावा. दुसऱ्या वेळी ठोक्याची जागा बदलली तर ती का बदलली ते लिहून ठेवा. माझ्या एका मदतनिसाने पाच वेळा केलं आणि पाचव्या वेळी ठोकाच दिला नाही. त्या प्रसंगाला आम्ही शेवटी संगीत लावलंच नाही, आणि निर्मात्याने पैसे कापले.